घरी बसलेली बाई

केसरबाई बैसाणे कामावर परत रुजू झाल्या त्या सकाळी गेटवरच्या वॉचमननं त्यांना आत सोडलं नाही. त्याचा तसा काही दोष नव्हता. पोरगा नवा होता, त्यानं त्यांना कधी पाहिलेलं नव्हतं. पन्नाशी ओलांडलेली बाई हातात पिशवी घेऊन चटई कारखान्याच्या गेटवर उभी राहिली, तर ती कोणाचा तरी विसरलेला डबा द्यायला आलेली असणार, असंच त्याला वाटलं.

"कोणाला भेटायचं मावशी?"

"कोणाला नाही. कामावर आलेय."

"कोणत्या ठेकेदाराकडे?"

"ठेकेदाराकडे नाही. कंपनीची आहे मी. परमनंट."

वॉचमन हसला. 'सुवर्णदीप मॅट्स'मध्ये आता परमनंट माणूस औषधाला उरलेला नव्हता. केसरबाईंनी पिशवीतून कामावर घेण्याची ऑर्डर काढून दिली. त्यानं ती उलटसुलट करून पाहिली आणि ऑफिसात फोन लावला. तोवर पहिली पाळी सुरू झाली. आतून लूमचा खडखडाट येऊ लागला तसा केसरबाईंचा उजवा पाय आपोआप पुढे झाला आणि मग थांबला. एके काळी हा आवाज झोपेतसुद्धा त्यांच्या कानात असायचा. आज तो जरा बारीक वाटला. मशीनं बदलली होती.

आत घेतलं, पण लूमवर उभं केलं नाही. मागच्या गोडाऊनमध्ये चटईच्या कडांची कात्रणं पडतात, ती रंगाप्रमाणे वेगळी करायचं काम दिलं. बसायला एक स्टूल मिळालं. सुपरवायझर प्रशीलच्या वयाचा, म्हणजे त्यांच्या मुलाच्या वयाचा होता. तो म्हणाला, "तुम्हाला कामावर घ्यायचं असं वरून आलंय. काय काम द्यायचं ते काही आलेलं नाही." हे तो वाईट बुद्धीनं म्हणाला नव्हता. केसरबाईंनी लाल कात्रणं एका बाजूला ओढायला सुरुवात केली.

त्यांना काढलं होतं ते दोन हजार दहा साली, आणि काढायचं कारण असं की त्यांनी मेन स्विच ओढला होता.

हेमांगी नावाची एक नवीन पोरगी शेजारच्या लूमवर होती. तिच्या ओढणीचं टोक मशीनमध्ये गेलं, ते सोडवायला तिनं हात घातला आणि हात अडकला. पोरीच्या तोंडातून आवाजही फुटला नाही, नुसतं तोंड उघडं. त्या लूमचं बटण पलीकडच्या अंगाला होतं. केसरबाई तिकडे गेल्याच नाहीत. भिंतीवरचा मेन जवळ होता, तो त्यांनी खाली ओढला. सगळा शेड गप्प झाला. पोरीची दोन बोटं चेंगरली, पण हात वाचला. चालू मशीनं मध्येच बंद पडल्यानं किती तरी माल खराब झाला, आणि मॅनेजर धावत आला तो मालाकडे बघत आला. तो केसरबाईंना काहीबाही बोलला. केसरबाईही बोलल्या. काय बोलल्या ते चौकशीच्या कागदात पुढे फार सभ्य करून लिहिलेलं होतं, प्रत्यक्षात तसं नव्हतं.

चौकशीत कंपनीचं म्हणणं पडलं की एकच लूम बंद करता आलं असतं, बाईनं जाणूनबुजून सगळा कारखाना बंद पाडला. हेमांगी तोवर नोकरी सोडून गेली होती. केसरबाईंच्या बाजूनं साक्ष द्यायला एकच माणूस उभा राहिला, पॅकिंगमधला पुना सपकाळे. "बाईनं स्विच ओढला नसता तर पोरीचा हात गेला असता," एवढंच तो म्हणाला. महिन्याभरात कंपनीनं दोघांना घरी पाठवलं.

मग कोर्ट सुरू झालं. जळगावच्या कामगार न्यायालयात किती तारखा पडल्या याचा हिशोब केसरबाईंनी पहिल्या दोन वर्षांतच सोडून दिला. वकील दिपमाला सुरवाडे तेव्हा नवीन होत्या, केस लढता लढता त्यांचे केस पांढरे झाले. न्यायालयानं शेवटी निकाल दिला की कामावर घ्या, नोकरी अखंड धरा, मागचा सगळा पगार द्या. कंपनी वर खंडपीठात गेली. तिथे आणखी वर्षं गेली. खंडपीठानं सांगितलं, कामावर घेणं बरोबर आहे, ते कायम. पण मागच्या पगाराचं खाली परत ठरवा. मधल्या काळात या दोघांनी दुसरीकडे काम करून कमाई केली का, ते तपासा.

म्हणजे अकरा वर्षांनी नोकरी मिळाली, आणि भांडण होतं तिथंच राहिलं.

*

"सोपं करून सांगते," दिपमाला ताई म्हणाल्या. कोर्टासमोरच्या गल्लीत त्यांचं लहानसं ऑफिस होतं. केसरबाई, त्यांचा नवरा जीवन आणि प्रशील तिघेही आले होते. "मागचा पगार कोणाला मिळतो? ज्याला नोकरीवरून काढल्यावर दुसरं काम मिळालं नाही त्याला. तुम्ही शपथेवर सांगायचं की या काळात मी कुठेही काम करत नव्हते."

"काम तर करत होते," केसरबाई म्हणाल्या.

"भाकरीचं म्हणताय का?"

केसरबाईंनी मान हलवली. भाकरीचं, बिबड्यांचं, शेवयांचं, सगळ्याचंच. नोकरी गेली त्याच महिन्यात त्यांनी मेहरूणमधल्या एका खानावळीच्या भाकरी धरल्या होत्या. पुढे थंडीच्या दिवसांत रस्त्यावरच्या भरीत सेंटरवर ज्वारी-उडदाच्या कळण्याच्या भाकरी थापायला बसू लागल्या. वांगी भाजणारा एका बाजूला, त्या दुसऱ्या बाजूला, मध्ये धूर. उन्हाळ्यात लोकांच्या गच्च्यांवर बिबडे, म्हणजे ज्वारीचे पापड, वाळत घालायचे. पावसाळ्यात काही नसायचं, तेव्हा दोन घरची भांडी. जीवनची जिनिंगमधली नोकरी त्याआधीच सुटली होती. कापसाची धूळ छातीत बसली होती आणि जिना चढला तरी त्याला दम्याचा पंप ओढावा लागायचा. घरात पैसा यायचा तो त्या दोन हातांतून.

"त्याची पावती आहे? हजेरी आहे? कुठे नाव आहे तुमचं?" दिपमाला ताईंनी विचारलं.

"नाही."

"मग ते कागदावर नाही. आणि कागदावर नाही ते कंपनीला सिद्ध करता येणार नाही. तुम्ही घरीच होता."

"मग पोट कशानं भरलं, विचारतील ना?"

"विचारणारच. त्यासाठी लिहू की पती आणि दीर यांच्या आधारावर घर चाललं. दीर धुळ्याकडे शेती करतात ना? त्यांचंही शपथपत्र घेऊ."

प्रशील लगेच म्हणाला, "बरोबर आहे आई. एवढंच तर बोलायचं." त्याला मोबाइल दुरुस्तीचं दुकान भाड्याच्या टपरीतून पक्क्या गाळ्यात न्यायचं होतं. त्याची बायको मृणाली दुसऱ्यांदा बाळंत होणार होती आणि घर दोन खोल्यांचं. पोराचं चुकत होतं असं केसरबाईंना वाटलं नाही.

शपथपत्र तयार झालं. दिपमाला ताईंच्या क्लार्कनं ते भराभर वाचून दाखवलं. 'अर्जदार ही सदर संपूर्ण कालावधीत बेरोजगार असून घरी बसून होती व तिचा उदरनिर्वाह तिचे पती यांनी दीर यांच्या मदतीने चालविला' हे वाक्य आलं तेव्हा जीवननं खुर्चीत जरा सरळ होऊन विचारलं, "काय म्हटलं? परत वाच." क्लार्कनं परत वाचलं. केसरबाई तेव्हा सही करायच्या जागी बोट ठेवून बसल्या होत्या, त्यांचं लक्ष नवऱ्याकडे नव्हतं.

*

तारखेच्या आदल्या दिवशी संध्याकाळी चिंधा आला. जीवनच्या पाठचा भाऊ. धुळ्याच्या पुढे सोनगीरच्या बाजूला गावी राहायचा, एसटीनं पारोळ्यावरून आला होता. आधीची भावंडं जगली नाहीत म्हणून आईनं एकाचं नाव जीवन ठेवलं आणि दुसऱ्याचं चिंधा. दोघेही जगले. चिंधा जरा जास्तच जोरात जगला. इस्त्रीचा पांढरा शर्ट, खिशात दोन पेनं, आणि आवाज असा की गल्लीच्या तोंडापाशी बोलला तर शेवटच्या घरात कळावं.

"वहिनी, भ्याव नको धरू! मी शे ना! बठ्ठं सांगसू कोर्टमा," तो ओट्यावर बसता बसता अहिराणीत म्हणाला. शेजारचे दोघेचौघे जमले तसा त्याला रंग चढला. "अकरा वरीस यास्नी मन्हा घरना दाणा खादा. भाऊ म्हन्जे भाऊ. मी कधी हिशोब नही ठेवा."

शेजारी माना डोलवत होते. जीवनही हसत होता. केसरबाई आत चुलीपुढे होत्या. गॅस होता, पण भाकरी त्या अजून चुलीवरच करायच्या. परातीत पीठ मळता मळता सगळं ऐकू येत होतं.

चिंधानं काही दिलंच नव्हतं असं नाही. सासू वारली त्या वर्षी त्यानं बाजरीचं एक पोतं पाठवलं होतं. त्यानंतर प्रशीलला आयटीआयला घालायचं होतं तेव्हा केसरबाई स्वतः धुळ्याला गेल्या होत्या. भरउन्हात बसस्टँडवरून गावापर्यंत गेल्या. चिंधानं चहा पाजला. विहिरीची मोटर जळाली ते सांगितलं, कपाशीला भाव नाही ते सांगितलं, आणि त्यांनी तोंड उघडायच्या आत गावातल्या कोणाचं तरी लग्न कसं थाटात झालं तेही सांगितलं. केसरबाई त्याच दिवशीच्या बसनं परतल्या. दुसऱ्या दिवशी कानातलं सोनाराकडे गेलं ते परत आलं नाही. ही गोष्ट त्यांनी जीवनलाही सांगितली नव्हती. भावाभावांत कशाला घालायचं, असं त्यांना तेव्हा वाटलं होतं.

जेवताना चिंधानं तीन भाकरी खाल्ल्या. "तुन्हा हातनी भाकर म्हन्जे..." म्हणत बोटं चाटली. त्यांनी चौथी वाढली.

*

कोर्टात पंखा होता, पण तो साहेबांच्या डोक्यावर. साक्षीदाराच्या जागी उकडत होतं. चिंधाची साक्ष नंतर होती, म्हणून तो बाहेर निंबाखाली बसला होता. आत मागच्या बाकावर जीवन, प्रशील आणि पुना. पुनाची उलटतपासणी मागच्या तारखेला होऊन गेली होती. तो सासऱ्याच्या आधारावर होता, काही काम करत नव्हता, असं त्यानं सांगितलं होतं आणि ते निभावलं होतं.

कंपनीचे वकील वयस्कर होते. आवाज चढवत नव्हते. त्यांनाही ही केस पाठ झालेली होती.

"बाई, तुम्ही अकरा वर्षं घरीच होता?"

"हो."

"काहीच करत नव्हता?"

केसरबाईंनी दिपमाला ताईंकडे पाहिलं. "नाही."

"तुमचे पती दम्याचे आजारी आहेत. त्यांचं काही उत्पन्न?"

"होतं थोडंफार."

"थोडंफार. बरं." त्यांनी दुसरा कागद उचलला. "तुमचे दीर चिंधा बैसाणे यांचं हे शपथपत्र आहे. ते म्हणतात, या काळात वहिनीला धान्य मी दिलं, कपडालत्ता मी केला. सणासुदीला पैसे दिले. हे बरोबर आहे?"

हे केसरबाईंनी आधी ऐकलेलं नव्हतं. चिंधाच्या कागदावर त्याची सही झाली तेव्हा त्या तिथे नव्हत्या.

"असेल," त्या म्हणाल्या.

"असेल की आहे?"

"आहे."

"पुढे ते म्हणतात, पुतण्या प्रशील याच्या आयटीआयची फी मी स्वतः भरली. हे बरोबर आहे?"

केसरबाईंनी मागच्या बाकावरच्या प्रशीलकडे पाहिलं. दिपमाला ताईंनी पेन टेबलावर ठेवलं. वकिलांनी प्रश्न पुन्हा विचारला, तितक्याच सौम्यपणे. "फी दिरानं भरली, हे बरोबर आहे का बाई?"

"नाही," केसरबाई म्हणाल्या.

"म्हणजे?"

"त्यानं नाही भरली. त्यानं चहा पाजला होता."

कोणीतरी हसलं. साहेबांनी मान वर केली.

"फी मी भरली," केसरबाई म्हणाल्या. आता आवाज त्यांचा राहिला नव्हता, आपोआप निघत होता. "कानातलं विकून भरली. धान्य मी आणलं. कपडे मी आणले. औषधं मी आणली. मला कोणी सांभाळलं नाही साहेब. रोज भाकरी थापत होते मी. खानावळीत थापल्या, भरीत सेंटरवर थापल्या, उन्हाळ्यात लोकांचे बिबडे केले. माझ्याच हातानं घर चाललं. एक दिवस घरी बसले नाही मी."

साहेब टंकलेखकाला म्हणाले, "लिहा."

टाइप होत असताना केसरबाईंना एकदम फार दमल्यासारखं झालं. कठड्याला धरून त्या उभ्या राहिल्या. रागही नव्हता आता.

"आणखी एकच," वकील म्हणाले. "तुमच्याबरोबर काढलेले पुना सपकाळे. ते या काळात काय करत होते, तुम्हाला माहीत असेल."

दिपमाला ताई उठून हरकत घेऊ लागल्या. साहेब म्हणाले, दोन्ही अर्ज एकत्र आहेत, विचारू द्या.

पुना बळीराम पेठेत भाजीची गाडी लावायचा, हे केसरबाईंना चांगलं माहीत होतं. कैक वेळा संध्याकाळी उरलेली मेथी त्यानं पैसे न घेता त्यांच्या पिशवीत कोंबली होती. मागच्या बाकावर तो खाली बघत बसला होता. चौकशीत सगळे गप्प बसले तेव्हा हाच एक माणूस उभा राहिला होता.

"त्यांचं त्यांना विचारा," त्या म्हणाल्या. "मला माझं विचारलं, मी माझं सांगितलं."

साहेबांनी आणखी ताणलं नाही.

*

चिंधाची साक्ष झालीच नाही. आता तिचा काही उपयोग नव्हता. दिपमाला ताई रागावल्या नाहीत, फाइल बांधत एवढंच म्हणाल्या, "चला, झालं ते झालं. बघू साहेब काय धरतात." त्यांना त्या दिवशी अजून तीन केसेस होत्या.

निंबाखाली चिंधाला बातमी प्रशीलनं सांगितली. त्याचा चेहरा असा पडला की केसरबाईंनाही पाहवेना.

"वहिनी, मंग मले कशाले बलायं?" तो म्हणाला, आणि पहिल्यांदाच हळू म्हणाला. "मी गावमा सांगीसन येल शे. आते काय तोंड दखाडू?"

"चिंधाभाऊ, घरी चला. जेवून जा."

"नही. मन्ही गाडी शे." तो पेनं सावरत स्टँडच्या दिशेनं निघून गेला. गाडी संध्याकाळची होती.

प्रशील घरी आल्यावर बोलला. "दोन शब्द बोलायचे होते आई. हो म्हणायचं होतं, बस. अकरा वर्षं तू कमावलंस ते काय कोणाला माहीत नाही का? घरातल्यांना माहीत आहे ना? मग कोर्टाला कशाला सांगायला गेलीस?" मृणालीनं त्याला आत बोलावून घेतलं. पोरगा वाईट नव्हता. गाळ्याचं डिपॉझिट तोंडी ठरवून आला होता.

जीवन मात्र काहीच बोलला नाही. त्या दिवशी नाही, दुसऱ्या दिवशीही नाही. तिसऱ्या दिवशी दुपारी केसरबाई पाळी संपवून आल्या तेव्हा तो खाटेवर बसला होता. त्यांनी पाणी दिलं. तो म्हणाला, "एक विचारू? रागावू नको."

"विचारा."

"कागदावर लिहिलेलं होतं, पतीनं घर चालवलं म्हणून." त्याला दम लागला, तो थांबला. "खोटं होतं, मला काय कळत नाही का. पण लिहिलेलं होतं. कोर्टात लिहिलेलं. तेवढं राहू द्यायचं होतंस."

केसरबाई तिथेच जमिनीवर बसल्या. चिंधाचा राग होता, तो चिंधावर काढला, असंच त्यांना वाटत होतं. तो वाटेत कोणाला लागला ते त्यांनी पाहिलंच नव्हतं. जीवन जिनिंगला होता तेव्हा आठवड्याच्या आठवड्याला पाकीट आणून त्यांच्या हातात द्यायचा, एकदा रस्त्यात उसाचा रस प्यायला तर तेही सांगायचा. आजारपणात त्यानं कधी काही मागितलं नव्हतं.

"चुकलं का माझं?" त्यांनी विचारलं.

"नाही," तो म्हणाला. "चुकलं नाही. पण मला लागलं."

त्या उठल्या, त्याची पाठ चोळून दिली, आणि भाजी निवडायला घेतली. जीवननं सूप आपल्याकडे ओढलं आणि तोही निवडू लागला.

*

निकाल पुढच्या वर्षी लागला. पुनाला मागच्या पगारातला बारा आणे हिस्सा मंजूर झाला, केसरबाईंना अर्धा. दिपमाला ताईंनी समजावून सांगितलं. साहेबांनी लिहिलं होतं की भाकरी थापण्याला नोकरीची बरोबरी येत नाही, बाईंनी शेवटी काही लपवलंही नाही, तरीही मिळवलं तेवढं वजा धरावं लागतं. केसरबाईंनी ऐकून घेतलं. भाकरी थापणं हे काम आहे असं कोणीतरी पहिल्यांदा लिहिलं होतं, आणि ते पैसे कापण्यासाठी लिहिलं होतं. त्यांना हसू आलं, पण हसायला त्राण नव्हतं.

कंपनी पुन्हा वर गेली नाही. मालकाची मुलं कारखाना विकायच्या बेतात होती, त्यांना केस अंगावर नको होती. पैसे हप्त्यांनी द्यायचं ठरलं. पहिल्या हप्त्यात घराच्या वर पत्र्याची एक खोली चढली. प्रशीलला गाळा मिळाला नाही, पण जुन्या टपरीला त्यानं शटर बसवलं, आणि एक दिवस न सांगता आईसाठी कानातलं घेऊन आला, एक ग्रॅमचं. ते देऊन लगेच बाहेर निघून गेला.

पुनानं पहिला हप्ता घेतला आणि परत मिळालेली नोकरी सोडली. जायच्या आधी एका रविवारी घरी आला. मेथीच्या दोन जुड्या, कोथिंबीर, वांगी, सगळं पिशवी भरून आणलं होतं. ओट्यावर जीवनशेजारी बसला. भाजीचे भाव, मेहरूण तलावाकडचा नवा रस्ता, गुडघेदुखीवर भुसावळचा कोण डॉक्टर चांगला, एवढं बोलणं झालं. कोर्टाचा विषय कोणी काढला नाही. निघताना चप्पल घालता घालता तो म्हणाला, "येतो अक्का." आणि उगाचच चप्पल पुन्हा काढून परत घातली. केसरबाई म्हणाल्या, "येत जा." तेवढ्यानं त्याला बरं वाटलेलं दिसलं.

चिंधाचा राग वर्षभर टिकला. फोन नाही, निरोप नाही. शेवटी जीवनच पंप खिशात टाकून एकटा धुळ्याला गेला. केसरबाईंना वाटलं होतं संध्याकाळी परत येईल, तो आठवडाभर राहिला. परत आला तेव्हा चेहरा उजळलेला होता. सांगू लागला, "अगं, गावात चिंधानं वेगळंच लावलंय. पारावर बसून सांगतो, मन्ही वहिनी जजसमोर उभी राहीसन बोलनी, वकीलले पाणी पाजं. मी सोता व्हतू तठे."

"तो तर निंबाखाली होता."

"तेच तर." जीवन हसला आणि त्याला खोकला आला. खोकला थांबल्यावर परत हसला.

मधल्या हप्त्यांचे पैसे कधी इकडे कधी तिकडे गेले. मृणालीला झालेली मुलगी एव्हाना चालू लागली होती. शेवटचा हप्ता मात्र आला नाही. कारखाना विकला गेला, नवे मालक म्हणू लागले जुनी देणी जुन्यांकडे मागा, जुने म्हणू लागले आता कारखाना आमचा नाही. दिपमाला ताईंचा फोन आला, वसुलीचा अर्ज टाकावा लागेल.

"टाका," केसरबाई म्हणाल्या. "मला यावंच लागेल का?"

"पहिल्या तारखेला तरी या."

दुसऱ्या दिवशी गोडाऊनमध्ये त्यांनी सुपरवायझरकडे रजा मागितली. नवे मालक आले तरी हा पोरगा टिकला होता. मधल्या काळात त्यानं त्यांच्यासाठी स्टुलाऐवजी पाठीची खुर्ची मिळवून आणली होती.

"पुन्हा कोर्ट का मावशी?"

"हो."

"अजून संपलं नाही?"

"संपत आलंय," केसरबाई म्हणाल्या. कोणीही विचारलं तरी हेच सांगायची त्यांना सवय झाली होती. त्यानं रजेचं लिहून घेतलं. समोर हिरव्या कात्रणांचा नवा ढीग येऊन पडला होता, आणि पाळी सुटायला अजून बराच वेळ होता.